एक दोष, अनेक दुखणी
(प्राथमिक शिक्षकांच्या तालुका संमेलनात शिक्षण विस्तार अधिकाऱ्यांनी दिलेले भाषण)



आरोग्याच्या पाठात आपण शरीराची इंद्रिये वेगवेगळी करून शिकवितो. एका पाठात हृदय, दुसऱ्यात फुप्फुसे, तिसऱ्यात हाडे. शिकविण्याच्या सोयीसाठी ही वाटणी योग्यच आहे. परंतु सगळेच रोग ती पाळीत नाहीत. खरूज कातडीपुरती राहते. काही रोगांचे मूळ मात्र एका जागी असते आणि त्याची फळे सारा देह भोगतो. अशा रोगांपैकी एकाचाच, सिकलसेलचा, विचार आज आपणांपुढे मांडावयाचा आहे. गडचिरोली, चंद्रपूर, गोंदिया, भंडारा, नागपूर ह्या जिल्ह्यांत, तसेच मेळघाटात व नंदुरबारकडे हा रोग विशेष आढळतो. तो आदिवासी बांधवांत आहे, तसाच इतर काही समाजांतही आहे.

१९१० साली शिकागो येथील डॉ. जेम्स हेरिक ह्यांनी ग्रेनाडा बेटातून आलेल्या एका विद्यार्थ्याच्या रक्तात विळ्याच्या आकाराचे तांबडे कण पाहिले व त्यांचे वर्णन प्रसिद्ध केले. १९४९ साली लायनस पॉलिंग व त्यांच्या सहकाऱ्यांनी दोष हिमोग्लोबिनच्या रेणूतच असल्याचे दाखविले. भारतात हा दोष प्रथम १९५२ साली निलगिरीच्या आदिवासींत आढळला.

हिमोग्लोबिनचे काम प्राणवायू वाहून नेण्याचे. त्याच्या साखळीतील केवळ एका घटकाची जागा दुसऱ्याने घेतलेली असते, एवढाच हा दोष. पण त्यामुळे प्राणवायू सोडल्यावर हे रेणू एकमेकांस चिकटतात, त्यांचे ताठ धागे बनतात आणि वाटोळा, लवचिक रक्तकण विळ्यासारखा वाकडा होतो. असे कण केसाहून बारीक रक्तवाहिन्यांत अडकतात. पाटाच्या तोंडाशी काटक्या अडकल्या म्हणजे पुढचा वाफा कोरडा राहतो, तशीच ही गोष्ट. निरोगी रक्तकण सुमारे १२० दिवस जगतो. हा बहुधा १० ते २० दिवसांतच फुटतो. म्हणून रक्त कमी पडते आणि डोळे पिवळे दिसतात.

रक्त जात नाही असे इंद्रिय शरीरात नाही. म्हणून ह्या रोगाला अमुकच जागा नाही. तान्ह्या मुलाचे हातपाय सुजतात. मोठ्या मुलाची हाडे व सांधे असह्य ठणकतात. प्लीहा लवकर निकामी होते व साधा जंतुसंसर्गही जिवावर बेततो. फुप्फुसात अडथळा झाला तर छाती दुखून धाप लागते; मेंदूत झाला तर लहान वयातही पक्षाघात होतो. मूत्रपिंडाला पाणी राखता येत नाही, म्हणून मूल वारंवार लघवीला जाते व पुन्हा पुन्हा पाणी मागते. वाढ मंदावते.

आता हीच लक्षणे शाळेत कशी दिसतात ते पाहा. पाय दुखतो म्हणून मूल कवायत टाळते. लघवीसाठी चारदा परवानगी मागते. दुपारी डोके टेकून बसते. महिन्यातून पाच-सहा दिवस गैरहजर राहते, आणि परत येते तेव्हा वरवर धडधाकट दिसते. आपण काय म्हणतो? आळशी आहे, ढोंगी आहे. आईला वाटते, कावीळ झाली. शेजारी म्हणतात, बाहेरचे काही लागले. पाय दुखला की एकीकडे, ताप आला की दुसरीकडे, अशी धावाधाव होते. प्रत्येक जण आपल्यापुढे आलेले एकच दुखणे पाहतो.

बंधुभगिनींनो, ही सारी दुखणी एका वहीत लिहिलेली असतात, आणि ती वही आपल्यापाशी आहे. हजेरीपट हीच ती वही. तेच मूल वर्षभर आपल्यापुढे बसते. गैरहजेरीपुढे कारण लिहिण्याची सवय ठेवली, तर पाय, डोळे, ताप, छाती ही वेगळाली नावे एका मुलापुढे पुन्हा पुन्हा दिसतील. रोगाचे निदान करणे आपले काम नव्हे. पण हे सारे एकत्र मांडून मुलाला प्राथमिक आरोग्य केंद्रात तपासणीस पाठविणे हे आपलेच काम आहे. तेथील पहिल्या साध्या चाचणीने रक्तातील दोष कळतो. मूल रुग्ण आहे की केवळ वाहक, हे पुढील तपासणीनंतरच ठरते.

निदान झाल्यावर आपण काय करावे? अशा मुलाची पाण्याची बाटली बाकावर असू द्यावी. लघवीस जाण्यास अडवू नये. भर उन्हात पळविणे, पावसात भिजणे, थंडीत उघड्यावर उभे करणे टाळावे. पाण्याची तूट, थंडी व अतिश्रम ह्यांनी वेदना उसळतात. ताप आला तर उद्यावर न ढकलता त्याच दिवशी दवाखान्यात पोहोचवावे. तोंड वाकडे होणे, बोलणे अडखळणे, एका बाजूची शक्ती जाणे, किंवा धाप लागणे, ह्यांत तर क्षणाचाही विलंब नको. ज्यास वारंवार रक्त द्यावे लागते, त्यास शाळेतील लोहाची गोळी डॉक्टरांस विचारल्यावाचून देऊ नये. हायड्रॉक्सियुरिया हे औषध डॉक्टरांनी दिले असेल, तर ते बरे वाटले म्हणून मध्येच सोडू नये, असे पालकांस सांगावे.

हा रोग स्पर्शाने, उष्ट्याने वा शेजारी बसल्याने होत नाही. तो आई व वडील ह्या दोघांकडून येतो. दोघेही वाहक असतील, तर प्रत्येक गरोदरपणात मूल रुग्ण होण्याचा संभव चारांत एक, वाहक होण्याचा चारांत दोन, आणि दोषमुक्त असण्याचा चारांत एक असतो. म्हणून एकट्या सुनेला बोल लावणाऱ्यांस हे गणित अवश्य समजावून द्यावे. वाहक हा रोगी नव्हे. उलट हिवतापाच्या घातक प्रकारापासून त्यास काही संरक्षण मिळते, आणि त्यामुळेच हा दोष हिवतापाच्या प्रदेशांत पिढ्यान्‌पिढ्या टिकून राहिला. मात्र कोणाच्या तपासणीचा निकाल वर्गात मोठ्याने वाचू नये. तो त्या घराचा आहे.

१ जुलै २०२३ रोजी राष्ट्रीय सिकलसेल निर्मूलन अभियान सुरू झाले. २०४७ पर्यंत हा रोग सार्वजनिक आरोग्याची समस्या म्हणून उरू नये, असे त्याचे उद्दिष्ट आहे. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यातही ह्या रोगाचा समावेश आहे. अभियान गावात येईल तेव्हा कोणत्या मुलाकडे आधी पाहावे हे सांगणारा माणूस गावात हवा, आणि तो बहुधा शिक्षकच असेल.

म्हणून एवढीच विनंती. सोमवारी शाळेत गेल्यावर गेल्या सहा महिन्यांचा हजेरीपट उघडा. ज्या मुलापुढे वारंवार रिकाम्या जागा आहेत, त्यास कारण विचारा. पण शेजारी बसवून, हळू आवाजात विचारा.