नांदण्याचा दावा आणि सज्ञान स्त्री

डॉक्टर रखमाबाई यांचें नांव सुरत व राजकोट येथील त्यांच्या रुग्णसेवेमुळें स्मरणांत राहिलें आहे. तथापि डॉक्टर होण्यापूर्वीं मुंबईच्या न्यायालयांत त्यांनीं जो लढा दिला, त्याचा आजच्या कायद्याशीं निकटचा संबंध आहे.

वयाच्या ११ व्या वर्षीं दादाजी भिकाजी यांच्याशीं त्यांचें लग्न लागलें. पुढें त्या सावत्र वडील डॉ. सखाराम अर्जुन यांच्या घरींच वाढल्या, वाचूं लागल्या, आणि सासरीं नांदावयास गेल्याच नाहींत. १८८४ सालीं, त्या विशीच्या उंबरठ्यावर असतांना, दादाजींनीं दावा लाविला कीं, पत्नी आपल्या स्वाधीन करावी. १८८५ त न्यायमूर्ति पिन्ही यांनीं तो फेटाळला. अजाणपणीं लग्न झालेल्या, नवऱ्याच्या घरीं कधींच न राहिलेल्या तरुण स्त्रीस तिच्या इच्छेविरुद्ध तेथें धाडणें त्यांस क्रूरपणाचें वाटलें. शिवाय त्यांनीं एक मार्मिक गोष्ट दाखवून दिली: नांदावयास लावण्याचा हा दावा मुळीं हिंदु धर्मशास्त्रांतला नव्हेच, तो इंग्लंडांतील चर्चच्या न्यायालयांतून इकडे आला. ‘धर्म बुडाला’ अशी ओरड ज्यांनीं केली, ते वस्तुतः विलायती हत्याराचाच कैवार घेत होते! ‘केसरी’सारखें समर्थ पत्रहि रखमाबाईंच्या विरुद्ध उभें राहिलें, हें खेदानें नमूद केलें पाहिजे.

अपिलांत तो निकाल फिरला. मार्च १८८७ मध्यें न्यायमूर्ति फॅरन यांनीं हुकूम केला: एक महिन्याच्या आंत नवऱ्याकडे जावें, नाहीं तर सहा महिने तुरुंग. रखमाबाईंनीं तुरुंग पत्करण्याची तयारी दाखविली. निरपराध, सज्ञान स्त्रीस कोंडावयाचें तें कोणत्या गुन्ह्यासाठीं? अखेर १८८८ त २,००० रुपये घेऊन दादाजींनीं हक्क सोडला, आणि रखमाबाई वैद्यक शिकण्यास लंडनला गेल्या.

आज न्यायालयांची भाषा पालटली आहे. सज्ञान व्यक्ति मर्जीनें कोणाशींहि विवाह करूं शकते. आईबापांस तो न रुचल्यास त्यांनीं फार तर संबंध तोडावे, धमकी वा मारहाण करूं नये, असें सर्वोच्च न्यायालयानें २००६ सालीं सांगितलें. केरळच्या उच्च न्यायालयानें २०१७ त एका सज्ञान स्त्रीचें लग्न रद्द ठरवून तिला आईबापांच्या ताब्यांत दिलें होतें. तें लग्न २०१८ त सर्वोच्च न्यायालयानें पुन्हां वैध ठरविलें. बापाची काळजी खरी असली, तरी सज्ञान मुलीचा ताबा मागण्याचा अधिकार तींतून निर्माण होत नाहीं.

परंतु जुनें हत्यार अद्याप मोडलेलें नाहीं. १९५५ च्या हिंदु विवाह कायद्याच्या ९ व्या कलमांत तें आहेच. आंध्र प्रदेशच्या उच्च न्यायालयानें १९८३ त तें घटनाबाह्य ठरविलें, पण १९८४ त सर्वोच्च न्यायालयानें तें कायम ठेविलें. तुरुंग गेला, मिळकतीवर जप्ती मात्र येऊं शकते. आणि १९५४ च्या विशेष विवाह कायद्याखालीं लग्न करूं इच्छिणाऱ्यांची नोटीस ३० दिवस अगोदर कचेरींत लावावी लागते. ज्या जोडप्यास घरच्यांचीच भीति, त्याचीं नांवें महिनाभर भिंतीवर टांगलेलीं असतात.