राजा परांजपे : एक अष्टपैलू चित्रपटकार



अनेक कामांत हात घालणाऱ्या माणसाविषयीं आपल्याकडे एक म्हण आहे : ‘एक ना धड, भाराभर चिंध्या.’ नट, दिग्दर्शक व निर्माता अशा तिन्ही नात्यांनीं वावरलेले राजाभाऊ परांजपे या म्हणीस अपवाद ठरले. तो कसा, हें पाहूं.

24 एप्रिल 1910 रोजीं मिरजेस त्यांचा जन्म झाला. 1948 सालचा ‘जिवाचा सखा’ हा त्यांच्या आरंभींच्या दिग्दर्शनांपैकीं एक. पुढें त्यांना दोन सोबती कायमचे लाभले. औंध संस्थानांतील, म्हणजे आजच्या सांगली जिल्ह्यांतील, शेटफळ्याचे ग. दि. माडगूळकर यांची लेखणी आणि कोल्हापूरच्या सुधीर फडक्यांचें संगीत यांची जोड मिळाल्यावर राजाभाऊंच्या कल्पनांना वाणी व सूर लाभले.

1952 सालीं ‘लाखाची गोष्ट’ आला. ठराविक मुदतींत लाख रुपये उधळून दाखवावयाचे, अशी त्यांतील अट! पैसा मिळविणें कठीण, हें सर्वांस ठाऊक असतें; परंतु काटकसरींत वाढलेल्या माणसास तो उधळणेंहि किती जड जातें, हें पाहून प्रेक्षक पोट धरून हंसले. नायक होते सातारा जिल्ह्यांतील सिद्धेश्वर कुरोलीचे राजा गोसावी. पुण्याच्या भानुविलास चित्रगृहांत हा नायक स्वतःच्याच बोलपटाचीं तिकिटें विकीत असे, ही गोष्ट पुणेकर पुढें कौतुकानें सांगत.

दोनच वर्षांनीं ‘ऊन पाऊस’ आला, आणि त्याच प्रेक्षकांच्या डोळ्यांत पाणी उभें राहिलें. जन्मभर मुलें घडविणारा शिक्षक व त्याची पत्नी. उतारवयांत त्यांचींच मुलें त्यांची ताटातूट करतात. तो वृद्ध गुरुजी राजाभाऊंनीं स्वतः रंगविला. त्यांचें वय तेव्हां अवघें 44 होतें.

‘जगाच्या पाठीवर’ (1960) मध्यें सीमा यांची आंधळी नायिका दिसली. ‘हा माझा मार्ग एकला’ (1963) मध्यें बालनट सचिन प्रथमच पडद्यावर आला. लगेच 1964 सालीं ‘पाठलाग’ ही रहस्यकथा आली. मृत पत्नी आपणच आहों असें सांगणारी स्त्री वकील पतीपुढें उभी राहते! हिंदींतील ‘मेरा साया’ (1966) याच बोलपटावरून निघाला.

हे प्रकार भिन्न खरे. पण नीट पाहिल्यास पैशाची विवंचना, म्हातारपणाची धास्ती, एकाकीपण आणि संशय, या मध्यमवर्गीय घरांतल्याच चिंता आहेत. 9 फेब्रुवारी 1979 रोजीं राजाभाऊ निवर्तले. त्यांनीं विषय वारंवार बदलले. घर मात्र तेंच राहिलें.