गुहेची मूळ प्रत
(हीरक महोत्सवी माजी विद्यार्थी मेळाव्यातील व्याख्यान)



संगणकावरील खेळांचा इतिहास जपावा असे म्हटले की पुष्कळांच्या चेहऱ्यावर स्मित उमटते. खेळच तो, त्याचे दप्तर कशाला? म्हणून आज एकाच खेळाची हकिकत सांगतो.

अमेरिकेतील केंटकी राज्यात मॅमथ केव्ह ही प्रचंड गुहामाला आहे. विल क्राउथर हे संगणकतज्ज्ञ पत्नी पॅट्रिशिया यांच्यासह तेथील गुहांचे नकाशे करीत. फ्लिंट रिज आणि मॅमथ या गुहा आतून जोडलेल्या आहेत, हा शोध 1972 साली ज्या तुकडीने लावला, तीत पॅट्रिशिया होत्या. पुढे हे दांपत्य विभक्त झाले. दुरावलेल्या मुलींना रमवावे म्हणून क्राउथर यांनी 1975-76 च्या सुमारास ‘ॲडव्हेंचर’ हा खेळ लिहिला. त्यात चित्र नाही, आवाज नाही. गुहेचे वर्णन वाचायचे आणि एकदोन शब्दांत आज्ञा टंकायची, एवढेच.

स्टॅनफर्ड येथील विद्यार्थी डॉन वुड्स यांच्या हाती तो लागला. त्यांनी क्राउथर यांची अनुमती घेऊन 1977 मध्ये तो वाढवला. जगभर गेली ती ही वाढवलेली प्रत. मूळ प्रत नाहीशी झाली, असेच सारे धरून चालले.

आपल्याला हे अपरिचित नाही. नाथांनी शके 1506 मध्ये ज्ञानेश्वरी शुद्ध केली आणि पुढे तीच घरोघर पोचली. नाथपूर्व मानलेल्या पोथीवरून इतिहासाचार्य राजवाड्यांनी 1909 मध्ये निराळी आवृत्ती काढली, म्हणून जुना पाठ कसा असावा याची चर्चा तरी करता आली. शिवाय पोथीला कसर लागली तरी उरलेले पान वाचता येते. चुंबकीय फीत नुसती टिकून भागत नाही. ती वाचणारे यंत्रही टिकावे लागते.

‘ॲडव्हेंचर’चे दैव बलवत्तर. वुड्स यांच्या विद्यार्थिदशेतील संगणक-खात्याची एक प्रत स्टॅनफर्डमध्ये राखलेली होती. तीत क्राउथर यांची फोरट्रान भाषेतील मूळ आज्ञावली मिळाली. प्राध्यापक डेनिस जर्झ यांनी प्रत्यक्ष गुहेत उतरून वर्णने ताडून पाहिली आणि 2007 मध्ये निबंध प्रसिद्ध केला. तोवर समज असा की क्राउथर यांनी केवळ गुहा रेखाटली आणि अद्भुताचा भाग वुड्स यांचा. मूळ प्रतीत मात्र कुऱ्हाड फेकणारे बुटके आणि जादूचे शब्द आधीच होते! मुलींसाठी कल्पिलेले ते कौतुक बापाचेच, हे तीस वर्षांनी सिद्ध झाले. तेही कोणा साठवणाऱ्याने ‘हे कशाला ठेवायचे’ असे न विचारल्यामुळे.

आपल्या शाळेच्या पहिल्या संगणक-वर्गातील मुलांनी मराठी शब्दांचे छोटे खेळ रचले होते. त्यांच्या फ्लॉपी कोणाच्या घरी असतील, तर चांगल्या-वाईटाची निवड न करता सगळ्या आणून द्या. पुसट चिठ्ठ्या काढू नका, त्यांवर नावे असतात. फ्लॉपी वाचणारे एक यंत्र माझ्याकडे आहे. ते अद्याप चालते.