‘क्षर्’ धातूचे गोत



व्याख्यानाच्या फलकावर ‘धातू’ हा शब्द वाचून आमच्या युनियनमधील काही सोबत्यांची अशी समजूत झाली की, आम्ही आज लोखंड-पितळेविषयी बोलणार. ती समजूत अगदीच वावगी नाही. ज्यापासून खिळा, कोयता, नांगर घडतो तो कारखान्यातला धातू. ज्यापासून शब्द घडतात तो व्याकरणातला धातू. आमचे शाळेतले शिक्षण सातवीपाशी थांबले. पुढचे झाले ते वाचनालयात आणि युनियनच्या कचेरीत. तेव्हा पंडिताच्या थाटात बोलण्याचा आमचा अधिकार नाही. पण शास्त्रातला एखादा शब्द पुढे आला की कामगार बिचकतो, हे आम्ही रोज पाहतो. आणि त्याच शब्दाचा सख्खा भाऊ त्याच्या घरात नांदत असतो, हेही पाहतो. अशा एका कुटुंबाची आज ओळख करून द्यावयाची आहे. त्याचा मूळपुरुष ‘क्षर्’. अर्थ : झिरपणे, वाहणे, झिजून जाणे.

पहिली शाखा पाण्याची. बाराव्या शतकात हेमचंद्राने प्राकृताचे व्याकरण लिहिले. संस्कृत ‘क्षर्’च्या जागी बोलीत ‘झर’ आणि ‘पज्झर’ अशी रूपे येतात, असे त्याने नोंदवून ठेवले आहे. आपले झरा, झरणे, पाझर, पाझरणे ही त्यांचीच लेकरे. १९७२ च्या दुष्काळात लोक ज्या कामांवर राबले त्यांत पाझर तलाव होते. इंजिनिअरच्या नकाशातला हा शब्द खडी फोडणाऱ्या बाईला निराळा समजावून सांगावा लागत नाही. तलावातले पाणी जमिनीत मुरून खालच्या विहिरींना मिळावयाचे, एवढे नावातच आहे. मालकाच्या मनाला पाझर फुटेल म्हणून वाट पाहत बसलेले लोकही आम्हांला ठाऊक आहेत. त्या पाझराने मात्र अजून कोणाची विहीर भरलेली आम्ही पाहिली नाही.

दुसरी शाखा खाराची. सुश्रुतसंहितेत क्षारावर स्वतंत्र अध्याय आहे. क्षरण घडवितो म्हणून क्षार, असा या नावाचा एक उलगडा तेथे केला आहे. पुढे क्षीराची खीर झाली, भिक्षेची भीक झाली, तसा क्षाराचा खार झाला. आपल्या पाचूबंदरच्या कोळणीला सुश्रुताचा उलगडा शिकविण्याचे कारण नाही. मासा चिरून मीठ भरले की थोड्या वेळाने त्याला पाणी सुटते, हे ती लहानपणापासून पाहते. मीठ मांसातले पाणी ओढून घेते. पाणी कमी झाले की कुजविणारे जंतू वाढू शकत नाहीत. म्हणून खारवलेला मासा टिकतो. खाडीकाठची खारफुटी याच घरची. तिवराच्या पानाला जीभ लावून पाहा. झाडाने बाहेर टाकलेले मीठ लागेल. १९४८ साली मुंबई राज्यात खारजमिनींचा कायदा झाला, तेव्हा हा बोलीतला शब्द सरकारदरबारी गेला. संपाच्या दिवसांत पदरास खार लागतो, तो खार तर आपल्याला कोणी सांगावयासच नको. झाडावरची खार मात्र या कुळातली नव्हे. नाव सारखे म्हणून नाते असतेच असे नाही.

तिसरी शाखा झिजेची. शाळेच्या विज्ञानाच्या पुस्तकात लोखंड गंजण्याला धातूचे क्षरण म्हटले आहे. हवा आणि पाणी मिळाले की लोखंड गंजते. पाणी खारे असले तर त्यातून वीज सहज वाहते आणि गंज झपाट्याने चढतो. म्हणून बोटीच्या तळाशी पंख्याजवळ जस्ताचा ठोकळा बसवितात. तो स्वतः झिजतो आणि बाकीचे धातू वाचवितो. यंत्राची झीज हिशेबात घसारा म्हणून मांडली जाते; कामगाराच्या झिजेचे खाते अजून कोणत्याही ताळेबंदात आमच्या पाहण्यात आलेले नाही.

आता सावधगिरीची गोष्ट. हजार किलो समुद्राच्या पाण्यात सुमारे ३५ किलो क्षार असतात. त्यांपैकी खाण्याचे मीठ सुमारे २७ किलो. बाकीचे मॅग्नेशियम, कॅल्शियम इत्यादींचे. म्हणजे मीठ हा क्षार खरा, पण प्रत्येक क्षार मीठ नव्हे. पापडखार पाण्यात कालवून त्यात तांबडा लिटमस कागद बुडविला तर तो निळा होतो. मिठाच्या पाण्यात तो तांबडाच राहतो. त्यातून मराठी पाठ्यपुस्तकांत आम्ल आणि आम्लारी मिळून क्षार होतो, तर हिंदी पुस्तकांत त्या आम्लारीलाच ‘क्षारक’ म्हणतात. हा शब्दांचा खेळ नव्हे. एका कारखान्यात कॉस्टिक सोड्याची पिंपे आली, त्यांवर हिंदीत ‘क्षार’ असे लिहिले होते. आमच्या एका सोबत्याने मराठी शाळेत शिकलेला अर्थ लावला आणि ते पांढरे पापुद्रे हाताने उचलले. हात घामेजलेला होता. बोटांची कातडी गेली.

भोपाळची दुर्घटना १९८४ ची. त्यानंतर १९८७ साली कारखाना कायद्यात दुरुस्ती होऊन धोकादायक पदार्थांची माहिती कामगारांना देण्याचे बंधन मालकांवर आले. पण माहिती दिली म्हणजे ती पोचली असे होत नाही. आम्ही त्या कारखान्यात मागितले ते एवढेच : पिंपावर शास्त्राचे नाव लिहा आणि खाली साध्या मराठी-हिंदीत ‘कातडी भाजते, हातमोजे घाला’ हेही लिहा. पाट्या लागल्या, पण हाताची कातडी गेल्यावर.

या घराण्यातला शेवटचा शब्द ‘अक्षर’. जे क्षरत नाही, झिजत नाही ते अक्षर, असा त्याचा परंपरेने चालत आलेला अर्थ. साक्षर आणि निरक्षर त्यातूनच आले. ज्याला वाचता येत नाही त्याला आपण अक्षरशत्रू म्हणतो. आमच्या सोबत्याला तर वाचता येत होते. त्याने अक्षरे बरोबर वाचली, अर्थ त्याला कोणी सांगितला नव्हता. तेव्हा साक्षरतेचे आपले काम सही शिकवून संपत नाही.

गावात परका माणूस आला की आपण त्याला विचारतो, कोणाच्या घरचा? आणि पुढे विचारतो, आलास कशाला? शास्त्राच्या शब्दालाही हेच दोन प्रश्न विचारा. पहिल्याने भीती जाते, दुसऱ्याने हात वाचतात.