कर्ज फिटले, बोजा उतरला काय?

(सरपंच, ग्रामपंचायत सदस्य व शिक्षक यांच्या मेळाव्यात केलेले भाषण)



घरकर्जाचा शेवटचा हप्ता भरला, की आपण ऋणमुक्त झालो असे समजतो. माझ्या वडिलांचीही हीच समजूत होती. कर्ज फिटले त्या दिवशी त्यांनी घरोघर पेढे वाटले. पुढे त्यांच्या पश्चात आम्ही भावंडे वाटणीस बसलो, तेव्हा सात-बाराच्या 'इतर हक्क' रकान्यात बोजा तसाच उभा! बेबाकीचा दाखला कोणी जपला नव्हता. कर्ज देणाऱ्या संस्थेची शाखाही गावातून हलली होती. फिटलेले कर्ज फिटले आहे, हे सिद्ध करण्यात आमचे एक वर्ष खर्ची पडले.

कारण साधे आहे. बँकेची खातेवही आणि गावचे महसुली दप्तर ही दोन वेगळी दप्तरे होत. एकात बाकी शून्य झाली म्हणून दुसऱ्यातील नोंद आपोआप जातेच असे नाही.

कर्जदाराच्या बाजूने आता नियम आहे. रिझर्व्ह बँकेच्या १३ सप्टेंबर २०२३ च्या निर्देशांनुसार, १ डिसेंबर २०२३ पासून, वैयक्तिक कर्जाची संपूर्ण परतफेड झाल्यावर ३० दिवसांच्या आत मूळ कागदपत्रे परत करणे व नोंदविलेला बोजा उतरविणे कर्ज देणाऱ्या संस्थेवर बंधनकारक आहे. संस्थेच्या कारणाने विलंब झाल्यास दर दिवसास ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते.

तथापि, नियम असला तरी दक्षता आपलीच. बेबाकीचा दाखला घ्यावा. मूळ कागद मोजून, यादीशी ताडून ताब्यात घ्यावेत. मग बोजा कमी करण्याचा अर्ज तलाठ्याकडे, म्हणजे आजच्या ग्राम महसूल अधिकाऱ्याकडे, द्यावा. 'ई-हक्क' प्रणालीवरूनही तो करता येतो. फेरफाराची नोंद मंडल अधिकाऱ्याने प्रमाणित केल्यावर नवा उतारा काढून स्वतः वाचावा. मिळकत पत्रिका असल्यास नगर भूमापन कार्यालयात आणि नमुना ८ वर बोजा चढविला असल्यास ग्रामपंचायतीत अर्ज करावा.

पंचायत सदस्यांनी ग्रामसभेत हा विषय आवर्जून मांडावा. शिक्षकांनी अशिक्षित वडीलधाऱ्यांना उतारा वाचून दाखवावा. पेढे अवश्य वाटावेत. परंतु कोरा उतारा हाती आल्यावर!