कुठं उभं राहून बघतो



माय-माउल्यांनो, मी चवथी शिकलेला शेतकरी माणूस. पोथीतलं अवघड सांगत नाही, पंढरीतलंच सांगतो.

एक जण रात्रभर रांगेत उभा राहून पददर्शन घेतो. तो देवाच्या पायाचं सांगतो. दुसरा मुखदर्शनाला जातो, तो मुखाचं सांगतो. तिसरा म्हातारा, गर्दी झेपत नाही, कळसाला हात जोडून माघारी फिरतो. तिघंही गावात येऊन म्हणतेत, देव भेटला. खोटं कोणीच बोलत नाही. ज्याला जिथून जेवढं दिसलं, तेवढं त्याचं खरं.

इथवर गोड आहे. पुढचं जरा अवघड आहे.

चोखोबाराय आपल्या शेजारचे. देऊळगाव राजा तालुक्यातलं मेहुणा राजा हे त्यांचं जन्मगाव मानतेत. त्यांची समाधी कुठं? महाद्वाराबाहेर, नामदेव पायरीजवळ. आतले म्हणायचे, देवाच्या दारी सगळे सारखे. अन् मनापासून म्हणायचे. पण आत देवाकडं तोंड करून उभं राहिलं की पाठ दाराकडं होते. बाहेर कोण राहिलं ते दिसत नाही. बाहेरच्याला मात्र आत जाणारे सगळे दिसतेत.

१९४७ च्या मे महिन्यात साने गुरुजींनी पंढरपुरात उपोषण केलं, तेव्हा ते दार उघडलं. आपल्या दिंडीला शंभर वर्षं झाली. म्हणजे दिंडी पहिल्यांदा निघाली तेव्हा आपल्याच काही भावांना ते दार बंद होतं.

मंग कोणी म्हणंल, ज्याचं त्याचं खरं. तसं नाही. दार बंद होतं म्हणजे होतंच. आतल्याला दिसलं नाही म्हणून ते उघडं होत नाही. पुरतं खरं पाहिजे असंल तर आधी बाहेरच्याचं ऐकावं लागतं.

आजबी बघा. पंगतीत बसलेल्याला विचारा, दिंडीची सोय कशी? म्हणंल, झकास. तेच पहाटे चुलीपुढं बसलेल्या माउलीला विचारा. अंघोळीला आडोसा नाही, हे तीच सांगंल. पताकावाल्याला पुढचा रस्ता दिसतो, मागं लंगडत येणारा दिसत नाही.

आपण एकमेकांच्या पाया पडतो, ती रीत उगी नाही. वाकल्याबिगर दुसऱ्याच्या पायाचे फोड दिसत नाहीत.

तवा यंदा मुक्कामाला पोचलं की आधी सगळ्यात मागच्याला विचारा, "माउली, दिंडी कशी चालली?" अन् तो सांगंल ते मनावर घ्या.

पुंडलिक वरदे हरि विठ्ठल!