निकाल लागेपर्यंत लिहायचे



 या पत्रकार-लेखक संमेलनाचा अध्यक्ष म्हणून मला मांडायचा विषय मोठा आहे आणि तो याच नगर जिल्ह्याच्या मातीतला आहे. माणसाला जन्मावरून वेगळ्या वस्तीत, वेगळ्या पाणवठ्यावर, वेगळ्या स्मशानात ठेवणाऱ्या व्यवस्थेविरुद्ध ज्यांनी वर्तमानपत्र चालवले, त्यांच्याविषयी मला बोलायचे आहे. अमेरिकेत आणि दक्षिण आफ्रिकेत ही व्यवस्था कातडीच्या रंगावर उभी होती, आपल्याकडे जातीवर. या दोन्हींचे नाते आपल्या पूर्वजांनी फार आधी ओळखले होते. जोतीराव फुल्यांनी १८७३ साली ‘गुलामगिरी’ अर्पण केली ती अमेरिकेत काळ्या लोकांना दास्यातून सोडवणाऱ्या माणसांना. १९४६ साली बाबासाहेब आंबेडकरांनी अमेरिकेतले काळे विचारवंत डब्ल्यू. ई. बी. द्यु बॉइस यांना पत्र लिहिले आणि तिथल्या काळ्यांनी संयुक्त राष्ट्रसंघाकडे केलेल्या अर्जाची प्रत मागितली.

द्यु बॉइस यांचे नाव घेतले, त्याला आणखी एक कारण आहे. त्यांनी न्यूयॉर्कमधून ‘द क्रायसिस’ हे मासिक सुरू केले ते नोव्हेंबर १९१० मध्ये. त्याच महिन्यात, २३ नोव्हेंबर १९१० रोजी, आपल्या जिल्ह्यातल्या सोमठाणे या खेड्यातून मुकुंदराव पाटलांनी ‘दीनमित्र’ साप्ताहिकाचा पहिला अंक काढला. पुढे हे साप्ताहिक नेवासा तालुक्यातल्या तरवडीत गेले आणि तिथेच राहिले. न्यूयॉर्कच्या मासिकाचा पहिला अंक एक हजार प्रतींचा होता आणि दहा वर्षांच्या आत खप एक लाखावर गेला. त्याच्यामागे संघटना होती, शहर होते, रेल्वे होती, शिकलेला वाचक होता. तरवडीत यातले काय होते? सही करता येणारी माणसेही मोजकी. तरीही १९६७ साली मुकुंदरावांचे निधन होईपर्यंत, म्हणजे जवळपास सत्तावन्न वर्षे, ‘दीनमित्र’ आणि मुकुंदराव ही दोन नावे वेगळी झाली नाहीत. मराठी पत्रकारितेच्या इतिहासात याला जेवढी जागा मिळायला हवी तेवढी अजून मिळालेली नाही, असे माझे स्पष्ट मत आहे.

मुकुंदराव हे कृष्णराव भालेकरांचे पुत्र. दत्तक गेल्यामुळे पाटील झाले. भालेकरांनी १ जानेवारी १८७७ रोजी पुण्यात ‘दीनबंधु’ काढले. सत्यशोधक चळवळीचे ते पहिले मुखपत्र. पैशाअभावी ते त्यांना फार काळ चालवता आले नाही, आणि १८८० मध्ये नारायण मेघाजी लोखंड्यांनी ते मुंबईला नेले. म्हणजे मुकुंदरावांच्या वाट्याला वडिलांकडून आलेली इस्टेट कोणती, तर बुडीत निघालेल्या वर्तमानपत्राचा अनुभव. तो डोळ्यांसमोर असताना या माणसाने खेड्यात राहून तोच उद्योग पुन्हा आरंभला.

खेड्यात राहण्याला मी इतके महत्त्व का देतो, हे सांगायला हवे. पुण्या-मुंबईचा संपादक सावकाराविरुद्ध, भटजीविरुद्ध, कुलकर्ण्याविरुद्ध लिहितो आणि संध्याकाळी आपल्या घरी जातो. तरवडीचा संपादक ज्याच्याविरुद्ध लिहितो, त्याचे तोंड त्याला रोज पाहावे लागते. त्याची शेतजमीन, तिची मोजणी, तिचा सारा, सगळे ज्या दप्तरात लिहिलेले, ते दप्तर त्याच माणसाच्या काखेत असते. मुकुंदरावांनी ‘कुलकर्णी लीलामृत’ हे काव्य लिहून त्या दप्तरातली लबाडी उघड केली. निरक्षर कुणब्याला पोथी ऐकायची सवय होती. त्याच सवयीचा आधार घेऊन त्यांनी त्याला त्याच्या लुबाडणुकीची हकीकत ऐकवली. वाचक नाही अशी तक्रार करत न बसता ऐकणारा वाचक त्यांनी तयार केला. सरकारी भाषेत ज्याला तळागाळ म्हणतात, तिथे वर्तमानपत्र पोहोचवण्याचा याहून चांगला मार्ग मला माहीत नाही.

या जिल्ह्याला मुद्रित शब्दाचा वारसा त्याच्याही आधीचा आहे. अमेरिकन मराठी मिशनने ‘ज्ञानोदय’ सुरू केले ते जून १८४२ मध्ये, अहमदनगरमध्येच. मिशनऱ्यांचा हेतू धर्मप्रसाराचा होता, तो त्यांनी लपवलाही नाही. पण सिंथिया फॅरार बाईंची नगरची मुलींची शाळा पाहूनच जोतीरावांच्या मनात स्त्रीशिक्षणाचा विचार पक्का झाला, आणि त्याच ‘ज्ञानोदय’ने १८५५ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये फुल्यांच्या शाळेतल्या मुक्ता साळवे या मांग समाजातल्या मुलीचा निबंध दोन अंकांत छापला. मुक्ता तेव्हा चौदा वर्षांची होती. उघड्यावर बाळंत होणाऱ्या आपल्या जातीतल्या बायकांचे हाल तिने लिहिले, पेशवाईत मांग-महारांना इमारतीच्या पायात पुरत असत हे लिहिले, आणि ज्या धर्माचे ग्रंथ आम्हाला वाचताही येत नाहीत तो धर्म आमचा कसा, असा सवाल केला. त्या वेळी मराठीत लिहिणारे विद्वान पुष्कळ होते. त्यांच्यापैकी एकालाही ही बातमी दिसली नव्हती.

ती दिसत का नाही, याचे उत्तर १९२० साली स्वच्छ मिळाले. बाबासाहेबांनी ३१ जानेवारीला ‘मूकनायक’ काढला. शाहू महाराजांनी त्यासाठी अडीच हजार रुपये दिले होते. त्याची जाहिरात ‘केसरी’ने पैसे घेऊनही छापायला नकार दिला. पुढे ‘बहिष्कृत भारत’ चालवताना बाबासाहेबांना चोवीस-चोवीस रकाने एकट्याने लिहून काढावे लागले, कारण लिहिणारा दुसरा माणूस परवडत नव्हता. आपल्या जिल्ह्यातून या चळवळीला माणसे मिळाली. १९३७ साली स्वतंत्र मजूर पक्षातर्फे निवडून गेलेले प्रभाकर रोहम नगरचे, आणि पुढे ‘प्रबुद्ध भारत’च्या संपादनात ज्यांचा वाटा होता ते दादासाहेब रूपवते अकोले तालुक्यातले. आणि डिसेंबर १९३९ मध्ये बाबासाहेब श्रीरामपूर तालुक्यातल्या हरेगावला आले ते महार-मांग वतनदारांच्या परिषदेसाठी. वतनी जमिनींवरचा जुडी हा कर सरकारने वाढवला होता, त्याविरुद्ध ती परिषद होती. गावाची सगळी कामे बिनमोल करून घ्यायची आणि बदल्यात दिलेल्या तुकड्यावरही कर वाढवायचा, हा अन्याय त्यांनी हरेगावच्या सभेत जमिनीच्या हिशेबासकट मांडला.

हरेगाव हे नाव आपल्या वाचकाला आज कशामुळे आठवते? ऑगस्ट २०२३ मध्ये शेळी आणि कबुतरे चोरल्याच्या संशयावरून दलित मुलांना तिथे झाडाला उलटे टांगून मारले, म्हणून. जिथे बाबासाहेब हक्काचा हिशेब मांडून गेले, त्याच गावात चौऱ्याऐंशी वर्षांनी हे घडले. त्या मारहाणीचे चित्रण फिरले म्हणून आपल्याला कळले. चित्रण नसते तर जिल्हा पानावर तीन ओळी तरी आल्या असत्या का, हे आपल्यापैकी प्रत्येकाने स्वतःला विचारावे.

इथे मला अमेरिकेतल्या आयडा बी. वेल्स या बाईंची गोष्ट सांगितली पाहिजे. १८६२ साली गुलामीत जन्मलेली ही मुलगी शिक्षिका झाली. १८८४ मध्ये तिकीट असूनही रेल्वेच्या डब्यातून तिला ओढून बाहेर काढले. तिने कंपनीवर दावा लावला, जिंकला, आणि वरच्या कोर्टात तो निकाल फिरला. पुढे ती मेम्फिसमध्ये वर्तमानपत्राची संपादक झाली. १८९२ मध्ये तिच्या ओळखीच्या तीन काळ्या माणसांना जमावाने तुरुंगातून ओढून ठार मारले. त्यांचा गुन्हा एवढाच, की त्यांचे किराणा दुकान समोरच्या गोऱ्या दुकानदाराच्या धंद्याला जड जात होते. आयडाने हे छापले. जमावाने तिचा छापखाना फोडला आणि परत आलीस तर जीव जाईल अशी धमकी दिली. ती गप्प बसली नाही. तिने देशभरातल्या अशा हत्यांची गावे, तारखा, नावे, कारणे गोळा करायला घेतली, आणि १८९५ मध्ये त्यांची नोंदवही पुस्तकरूपाने प्रसिद्ध केली. यातली तिची हुशारी अशी, की आकडे तिने गोऱ्यांच्याच वर्तमानपत्रांतून घेतले. अतिशयोक्तीचा आरोप करायला कोणाला जागाच ठेवली नाही. संताप प्रत्येकाला येतो, पण ती संतापानंतर कामाला बसली.

त्या कामाची गरज आपल्या जिल्ह्याला आहे. जानेवारी २०१३ मध्ये सोनईला तीन दलित तरुणांची हत्या झाली. सोनई नेवासा तालुक्यात आहे आणि तरवडीही नेवासा तालुक्यातच. तो खटला नाशिकला चालला आणि शिक्षा झाल्या. एप्रिल २०१४ मध्ये जामखेड तालुक्यातल्या खर्ड्याला शाळेत शिकणाऱ्या एका दलित मुलाला मारून टाकले. राज्यभरातून नेते आले, कॅमेरे आले, मोर्चे निघाले. नोव्हेंबर २०१७ मध्ये नगरच्या सत्र न्यायालयात साक्षीदार फुटले आणि आरोपी निर्दोष सुटले. त्यानंतर सहाच दिवसांनी नगरच्याच न्यायालयात कोपर्डीच्या मुलीवरील अत्याचार आणि हत्येच्या खटल्यात तिन्ही आरोपींना फाशीची शिक्षा झाली. त्या मुलीला न्याय मिळाला, मिळायलाच हवा होता. पण त्या खटल्यात साक्षीदारांच्या मागे अख्खा समाज उभा होता आणि वर्तमानपत्रे शेवटपर्यंत तारखा मोजत होती. खर्ड्याच्या साक्षीदारांच्या मागे कोण होते? पहिल्या पंधरवड्यानंतर आपण तिथे किती वेळा गेलो? हा फरक जर जातीचा नसेल, तर तो कशाचा आहे, हे मला कोणीतरी समजावून सांगावे.

आणखी एक अवघड गोष्ट बोलतो. मुकुंदराव लिहीत होते तेव्हा गावातली सत्ता कुलकर्ण्याच्या दप्तरात आणि सावकाराच्या वहीत होती. ती दप्तरे गेली. वतने गेली. प्रवरेच्या काठावर सहकारी साखर कारखाना उभा राहिला, सोसायट्या, बँका, बाजार समित्या, शिक्षणसंस्था उभ्या राहिल्या, आणि शेतकऱ्याचा मुलगा अध्यक्ष झाला. सत्यशोधकांच्या लढ्याचे हे फळच आहे. पण सोनई, खर्डा, हरेगाव इथले आरोपी कुलकर्णी नव्हते. वर्चस्वाची जागा आता आपल्याच भाऊबंदांकडे आहे. त्यामुळे तरवडीचा वारसा सांगायचा असेल तर मुकुंदरावांच्या जयंतीला हार घालून भागणार नाही. आपल्या पाव्हण्याविरुद्ध, आपल्या संचालकाविरुद्ध, ज्याच्या लग्नाच्या पंगतीला आपण बसलो त्याच्याविरुद्ध बातमी द्यावी लागेल. मुकुंदरावांनी बहुजन समाजाच्या रूढींनाही सोडले नव्हते, हे विसरू नका. आणि हे अवघडलेपण चळवळीत जुने आहे. जोतीरावांच्या ‘शेतकऱ्याचा असूड’ची पहिली दोन प्रकरणे छापून पुढची छापायला ‘दीनबंधु’च कचरला होता. आपल्या माणसाच्या पत्राने माघार घेतली, याचे दुःख जोतीरावांना झाले.

तालुक्याच्या वार्ताहराची अडचण मला ठाऊक आहे. मानधन नावाला, त्यावर जाहिरातीचे टार्गेट. वाढदिवसाच्या पुरवणीची जाहिरात ज्याच्याकडून आणायची, त्याच्याच पुतण्याच्या नावाने फिर्याद आली तर बातमी लिहिणार कशी? म्हणून मालक-संपादकांना माझे जाहीर सांगणे आहे, की वार्ताहराच्या गळ्यातले जाहिरातीचे ओझे काढा. ते काढल्याशिवाय निर्भीडपणाची व्याख्याने त्याला देऊ नका. पत्रकारांवरील हल्ले रोखण्यासाठी २०१७ चा कायदा राज्यात आहे. तो वापरायला पत्रकार संघाने वकील उभा करावा. पीडित आणि साक्षीदार यांच्या हक्कांचे स्वतंत्र प्रकरण अत्याचार प्रतिबंधक कायद्यात २०१६ पासून लागू आहे. प्रवास-भत्ता, संरक्षण, सुनावणीची माहिती, यातले साक्षीदाराला प्रत्यक्षात काय मिळाले, ही दर महिन्याची बातमी आहे. गावात कोणाला वाळीत टाकले तर सामाजिक बहिष्कारविरोधी कायदा आहे. राज्य सरकारने डिसेंबर २०२० मध्ये वस्त्यांची जातिवाचक नावे बदलण्याचा निर्णय घेतला. पाटी बदलली, पण त्या वस्तीचा रस्ता, नळ आणि स्मशानाची वाट बदलली का, हे बघायला कोणाच्या परवानगीची गरज नाही.

दक्षिण आफ्रिकेचे सॉल प्लाट्जे आपल्याच व्यवसायातले. १९१३ च्या जमीन कायद्याने काळ्या कुटुंबांना शेतांवरून हाकलले, तेव्हा ते सायकलवरून फिरले आणि रस्त्यावर आलेल्या माणसांच्या हकिकती त्यांनी जागेवर जाऊन लिहून घेतल्या. तीन वर्षांनी त्यांचे पुस्तक निघाले. कायदा त्यामुळे लगेच रद्द झाला नाही, पण त्या माणसांचे काय झाले हे आज सांगता येते ते त्या सायकलवरच्या नोंदींमुळे.

म्हणून या संमेलनाने दोन ठराव करावेत, असा माझा आग्रह आहे. प्रत्येक तालुक्यात अत्याचाराच्या खटल्यांची एक नोंदवही ठेवावी. गाव, तारीख, कलमे, पुढची तारीख, साक्षीदारांची स्थिती, निकाल, सगळे त्यात यावे, आणि बातमीदार बदलला तरी वही त्याच तालुक्यात राहावी. दुसरा ठराव ‘दीनमित्र’च्या जुन्या अंकांचा. जे अंक घराघरांत, ग्रंथालयांत विखुरलेले असतील ते शोधून त्यांची छायाप्रत काढून घ्यावी आणि जिल्ह्यातल्या प्रत्येक महाविद्यालयाच्या ग्रंथालयात ती ठेवावी. पत्रकारितेच्या विद्यार्थ्याला तरवडीचे नाव पाठ्यपुस्तकाबाहेरून कळावे, ही नामुष्की आता पुरे झाली. ज्यांच्या घरी माळ्यावर ‘दीनमित्र’चा एक जरी अंक असेल, त्यांनी तो रद्दीत घालू नये आणि आजच कार्यालयात आपले नाव नोंदवून जावे, एवढी विनंती करतो आणि आपली रजा घेतो.